नॉर्म एकही नाही, तरी ग्रँडमास्टर: दिव्याचा किताब आणि खाडिलकर भगिनींची पिढी

काळं_प्यादं

दिव्या देशमुखने २८ जुलै २०२५ रोजी बातुमीत कोनेरू हंपीला हरवून बुद्धिबळातला महिलांचा विश्वचषक जिंकला आणि त्याच दिवशी ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. तेव्हापासून आमच्या क्लबात एक वाद पुन्हापुन्हा निघतो. तिच्या नावावर ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म (किताबासाठी एखाद्या स्पर्धेत करून दाखवायची ठरावीक कामगिरी) नव्हता, किताब विश्वचषकाबरोबर थेट आला. मग नॉर्मसाठी वर्षानुवर्षं युरोपात फिरणाऱ्या मुलांवर हा अन्याय नाही का, असं काही जण म्हणतात.

मला हे अजिबात मान्य नाही. त्या स्पर्धेत तिला पंधरावं मानांकन होतं. झू जिनर, हरिका, माजी विश्वविजेती टॅन झोंगयी आणि शेवटी हंपी, अशा चौघींना तिने एकामागून एक बाहेर काढलं. हरलं की त्याच संध्याकाळी बॅग भरायची, अशा स्पर्धेत तीन आठवडे टिकणं हे नऊ डावांच्या नॉर्मपेक्षा सोपं कसं?

पण मला खरं विचारायचंय ते वेगळंच. वासंती, जयश्री आणि रोहिणी खाडिलकर, मग भाग्यश्री साठे-ठिपसे, अनुपमा अभ्यंकर-गोखले. १९७४ पासून पुढची वीसेक वर्षं राष्ट्रीय महिला विजेतेपद बहुतेक वेळा याच नावांकडे होतं. रोहिणी, अनुपमा आणि भाग्यश्री तर आशियाई विजेत्याही झाल्या. यांतली एकही ग्रँडमास्टर का झाली नाही? ताकद कमी पडली की वाटच बंद होती? माझं मत असं की किताब जेवढी ताकद मोजतो तेवढीच संधीही मोजतो. जाणकारांनी लिहावं.

मुग्धा_न

फार दिवसांनी बुद्धिबळावर धागा आला. बाकडं टाकून बसले आहे.

चौसष्ट_घरं

आधी नियम नीट मांडतो, नाहीतर चर्चा हवेत जाईल.

नेहमीच्या वाटेने ग्रँडमास्टर व्हायचं तर दोन गोष्टी लागतात. एक, रेटिंग, म्हणजे खेळाडूची ताकद दाखवणारा आकडा, कधीतरी २५००ला लागलं पाहिजे. दोन, नॉर्म, साधारणपणे तीन, मिळून निदान २७ डाव. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत २६०० रेटिंगच्या खेळाडूला शोभेल अशी कामगिरी. शिवाय समोर कोण बसलंय यालाही अटी आहेत: प्रतिस्पर्ध्यांत किमान तीन ग्रँडमास्टर हवेत, त्यांचं सरासरी रेटिंग किमान २३८० हवं, आणि सगळे आपल्याच देशाचे चालत नाहीत.

ही शेवटची अट डोक्यात ठेवा. तुम्ही कितीही चांगले खेळलात तरी समोर परदेशी आणि किताबधारी खेळाडू नसतील तर नॉर्म होत नाही. म्हणजे धागाकर्त्याच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर नियमातच आहे.

थेट किताबाची वाटही नियमातलीच आहे, दिव्यासाठी कोणी ती खास उघडलेली नाही. महिला विश्वचषकाप्रमाणे खुल्या गटातल्या जागतिक कनिष्ठ विजेत्यालाही थेट किताब मिळतो. आणि दिव्याने २५००चा आकडा २०२४ सालीच गाठला होता. राहिले होते ते फक्त नॉर्म.

तिरकी_चाल

नियम मान्य, पण एक सांगा. विश्वचषक महिलांचा. समोरच्या बहुतेक खेळाडू २६००च्या खालच्या. खुल्या गटातल्या मुलाला नॉर्मसाठी ग्रँडमास्टरांशी खेळावं लागतं. दोन वेगळ्या परीक्षांना एकच प्रमाणपत्र का? दिव्याबद्दल मला आदर आहे. बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये, म्हणजे देशांच्या संघांच्या स्पर्धेत, ११ पैकी साडेनऊ गुण, तेही एकही डाव न हरता, हे कोणी हिरावून घेऊ शकत नाही. प्रश्न नियमाचा आहे, तिचा नाही.

चौसष्ट_घरं

@तिरकी_चाल, या किताबाला एकच परीक्षा कधीच नव्हती. १९५० साली फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाने, २७ जणांना पहिल्यांदा हा किताब दिला तेव्हा कोणाकडे नॉर्म होता? आधीची कामगिरी बघून दिला. आणि ग्रँडमास्टर झालेली पहिली स्त्री नोना गॅप्रिंदाश्विली. तिने १९७७ मध्ये अमेरिकेत लोन पाइनच्या खुल्या स्पर्धेत, पुरुष ग्रँडमास्टरांच्या गर्दीत, संयुक्त पहिला क्रमांक काढला. तरी नियमाच्या हिशोबात तिचे डाव किंचित कमी भरत होते. फिडेने कामगिरीचं वजन पाहिलं आणि १९७८ मध्ये किताब दिला. आज तिच्या किताबावर कोणी बोट ठेवत नाही. नोना जॉर्जियाची आणि बातुमीही जॉर्जियातच, हा योगही छान जुळला.

नॉर्म आणि रेटिंगच्या नेहमीच्या वाटेने जाणारी पहिली स्त्री सुझन पोल्गार, १९९१. त्याच वर्षाच्या शेवटी तिची धाकटी बहीण ज्युडिट पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली आणि सर्वांत कमी वयाच्या ग्रँडमास्टरचा बॉबी फिशरचा विक्रम मोडला.

संत्रानगरी

हाव बाप्पा, नागपूरकर हजर आहे!

दिव्या-हंपीचा तो डाव आमच्या घरी मोबाइलवर चालू होता, सगळे भोवती गोळा झालेले. क्लासिकलचे (लांब वेळेचे) दोन्ही डाव बरोबरीत, जलदचा पहिलाही बरोबरीत. दुसऱ्यात दोघींचीही वेळ संपत आलेली, पटावर काय चाललंय ते आम्हाला धड कळत नव्हतं, पण हंपीने हार मानून हात पुढे केला तसा घरात जो ओरडा झाला तो खालच्या मजल्यापर्यंत गेला. दिव्या आईच्या गळ्यात पडून रडली, तेव्हा आमच्याकडेही कोणाचे डोळे कोरडे नव्हते.

मला सगळ्यात लागलं ते पुढचं. तिने आपले पहिले प्रशिक्षक राहुल जोशी यांची आठवण काढली. मी ग्रँडमास्टर व्हावं हे त्यांचं स्वप्न होतं, हे त्यांच्यासाठी, अशा अर्थाचं ती बोलली. राहुल सर २०२० मध्ये गेले, जेमतेम चाळिशीचे होते. नागपुरातल्या कितीतरी पोरांना त्यांनी पटावर बसायला शिकवलं.

आणि नॉर्म नव्हता म्हणून वाद घालणाऱ्यांना एकच सांगतो. ती स्वतःच तिथे म्हणाली की या स्पर्धेआधी माझ्याकडे एकही नॉर्म नव्हता. तिने काही लपवलं नाही, मग आपण काऊन भांडतो?

रोज_एक_डाव

नाशिकच्या विदित गुजराथीचे आईवडील डॉक्टर, दिव्याचेही आईवडील डॉक्टर. महाराष्ट्रातल्या पालकांनी आता मुलांना बुद्धिबळाच्या क्लासला घालण्याआधी स्वतः मेडिकलला जावं म्हणते मी! हलकं घ्या.

मुग्धा_न

😀😀 रोज_एक_डाव, हे नवऱ्याला वाचून दाखवलं. तो भूलतज्ज्ञ आहे. लेकीसाठी लगेच पट मागवतो म्हणाला.

गिरगावातला_जुना

धागाकर्त्याने खाडिलकर भगिनींचं नाव काढलं म्हणून खास लॉग-इन करून लिहितो आहे.

आमच्या चाळीत सकाळी 'नवाकाळ' यायचा. संपादक नीळकंठ खाडिलकर, अग्रलेखांचा बादशहा. त्यांच्या तिघी मुली बुद्धिबळ खेळतात हे गिरगावात सगळ्यांना ठाऊक होतं. १९७४ मध्ये पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा बंगळुरूला झाली, ती वासंतीने जिंकली. तिथून जवळजवळ दहा वर्षं ते विजेतेपद त्या घराबाहेर गेलं नाही. जयश्री १९७९ मध्ये वुमन इंटरनॅशनल मास्टर झाली, हा किताब मिळवणारी पहिली भारतीय. रोहिणीने १९७६ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, राष्ट्रीय विजेतेपद घेतलं आणि एकूण पाच वेळा मिळवलं.

पण त्या वर्षी झालेली आणखी एक गोष्ट आजच्या पोरांना माहीत असायला हवी. रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. तोवर कोणी स्त्री तिथे खेळलीच नव्हती. गदारोळ झाला, विरोध झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी फिडेचे अध्यक्ष मॅक्स युवे यांनी निर्वाळा दिला की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही. तिने त्या स्पर्धेत काही राज्यविजेत्यांना हरवलंही. आज दिव्या, ग्रँडमास्टर वैशाली खुल्या गटात पुरुषांबरोबर खेळतात तेव्हा त्याचं कोणाला नवल वाटत नाही. ज्या मुलीने ते दार तेराव्या वर्षी ढकललं तिला आपण किती आठवतो?

१९८१ च्या हैदराबादच्या आशियाई स्पर्धेत रोहिणीचे गुण होते १२ पैकी साडेअकरा. एकच अर्धा गुण सुटला. १९८३ मध्ये तिने क्वालालंपूरला पुन्हा विजेतेपद घेतलं.

काळं_प्यादं

काका, याच्यासाठीच धागा काढला होता. मनापासून आभार. युवेंच्या निर्वाळ्याचं ऐकलं होतं, त्यामागे एवढा झगडा होता हे आजच कळलं.

तिरकी_चाल

काकांचा प्रतिसाद सुंदर. तरी भावना बाजूला ठेवून मूळ प्रश्नाकडे बघू. १९७८ मध्ये माया चिबुर्दानिद्झे सतराव्या वर्षी जगज्जेती झाली आणि १९९१ पर्यंत ते पद तिच्याकडेच राहिलं. १९८४ मध्ये ती ग्रँडमास्टरही झाली. त्या काळातल्या सोविएत खेळाडू आणि आपल्या खेळाडू यांच्यात मोठं अंतर होतं, हे मान्य करायला हवं. आशियाई विजेतेपद मोठंच, पण ते ग्रँडमास्टरची पातळी सिद्ध करत नाही. म्हणून 'वाटच बंद होती' हे पूर्ण उत्तर नव्हे, ताकदही कमी होती.

सांगलीची_हळद

तिरकी_चाल, ताकद कमी होती तर ती कुठनं वाढायची सांगा की. ताकद काय आभाळातनं पडतीय व्हय? जॉर्जियात पोरगी पट घेऊन बसली की समोर मास्टर, शेजारी ग्रँडमास्टर, वर सरकारी प्रशिक्षक. आमच्याकडं काय होतं?

सांगलीत तरी नशीब चांगलं. भाऊसाहेब पडसलगीकरांनी १९४१ मध्ये नूतन बुद्धिबळ मंडळ काढलं आणि जन्मभर ते चालवलं. दर उन्हाळ्यात स्पर्धा, बाहेरगावची पोरं येऊन राहायची, खेळायची. भाग्यश्री साठे सांगलीची, स्वाती घाटे सांगलीची. भाग्यश्रीताईंनी राष्ट्रीय विजेतेपद पाचदा घेतलं, १९९१ मध्ये आशियाईही घेतलं, स्वाती वुमन ग्रँडमास्टर (ग्रँडमास्टरच्या खालचा, फक्त महिलांचा किताब) झाली. एका गावात एक माणूस खुळ्यासारखा पाठी लागला म्हणून एवढं झालं. पण भाऊसाहेब गावात परदेशी ग्रँडमास्टर कुठनं आणणार होते?

पुस्तकांचंही तसंच. बेलग्रेडहून निघणारा 'इन्फॉर्मेटर' हेच त्या काळी जगातले डाव बघायचं मुख्य साधन. क्लबात एक प्रत आली की ती हातोहात फिरायची, पानं सुटेस्तोवर. समोरचा खेळाडू नवीन खेळी करायचा तेव्हा कळायचं की ही तिकडं मागच्या वर्षीच छापून आलीय.

चौसष्ट_घरं

सांगलीची_हळद यांच्या मुद्द्याला पुरुषांच्या बाजूचा पुरावा देतो, म्हणजे हा प्रश्न फक्त स्त्रियांचा नव्हता हे दिसेल.

विश्वनाथन आनंद १९८८ मध्ये पहिला भारतीय ग्रँडमास्टर. दिब्येंदू बरुआ दुसरा, १९९१. आपले प्रवीण ठिपसे तिसरे, १९९७. पुण्याचा अभिजित कुंटे चौथा, २०००. म्हणजे बारा वर्षांत चार.

आता बरुआ बघा. १९८२ मध्ये लंडनला त्याने व्हिक्टर कोर्चनॉयला हरवलं. कोर्चनॉय तेव्हा जगातला दुसऱ्या क्रमांकाचा खेळाडू आणि बरुआ शाळकरी वयाचा. तरी किताब नऊ वर्षांनी. ठिपसे १९८५ मध्ये राष्ट्रकुल विजेते आणि किताब बारा वर्षांनी. ताकद त्यांनी मोठ्या पटावर आधीच दाखवली होती. मधली वर्षं गेली ती पुरेशा स्पर्धा मिळण्यात. परकीय चलन मोजकं मिळायचं, विमानाचं तिकीट घरच्या वर्षभराच्या कमाईच्या जवळपास जायचं, नोकरीतून रजा काढायची आणि एवढं करून वर्षात एखादी स्पर्धा. तिथे अर्ध्या गुणाने नॉर्म हुकला की पुढच्या वर्षाची वाट बघायची.

आनंदच्या प्रतिभेबद्दल काय बोलावं! पण मद्रासला सोविएत सांस्कृतिक केंद्रात ताल चेस क्लब होता, तिथे मॅन्युएल ॲरनसारखा भारताचा पहिला इंटरनॅशनल मास्टर (ग्रँडमास्टरच्या खालोखालचा किताब) होता. आणि आनंदचा किताब पूर्ण झाला तो कोइमतूरच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत. परदेशी खेळाडू इकडे आले म्हणून आपल्या माणसाला घराजवळ नॉर्म मिळाला.

निवांत_वाचक

+१. कोर्चनॉयचं उदाहरण चपखल. वाचनखूण साठवली आहे.

गोंयचो_घोडो

गोव्याचं उदाहरण देतो, मुद्दा तोच पण उलट बाजूने. आमचा लिऑन मेंडोन्सा. २०२० च्या मार्चमध्ये तो वडिलांबरोबर युरोपात स्पर्धेला गेला होता आणि टाळेबंदीत दोघे हंगेरीत अडकले. घरी परतता येईना. मग जिथे स्पर्धा सुरू झाली तिथे खेळायचं असं ठरलं. ऑक्टोबर आणि नोव्हेंबरात बुडापेस्टला दोन नॉर्म, डिसेंबरात इटलीत तिसरा. चौदाव्या वर्षी देशाचा ६७वा ग्रँडमास्टर. प्रतिभा तर होतीच, पण तोच पोरगा ते महिने म्हापसा-पणजीत अडकला असता तर किताब तेव्हा झाला नसता, इतकं नक्की. एका जागी राहून एकामागून एक बलवान प्रतिस्पर्धी मिळाले की काय होतं ते त्यात दिसलं.

आणि २०२५ च्या नोव्हेंबरात खुला विश्वचषक गोव्यात झाला मरे! उझबेकिस्तानचा सिंदारोव जिंकला, १९ वर्षांचा. दिव्यालाही त्यात खास प्रवेश होता, पहिल्याच फेरीत हरली ते सोडा. मी माझ्या भाच्याला घेऊन गेलो होतो. जगातले एवढे खेळाडू आपल्या गावात जेवताना, फिरताना दिसतात, हे आमच्या लहानपणी कोणी सांगितलं असतं तर विश्वास बसला नसता.

संत्रानगरी

नागपूरच्या संकल्प गुप्ताचंही असंच. २०२१ मध्ये सर्बियात लागोपाठ तीन स्पर्धा खेळला आणि महिन्याच्या आत तिन्ही नॉर्म घेऊन परत आला. रौनक साधवानी तर २०१९ मध्ये तेराव्या वर्षीच ग्रँडमास्टर. आता दिव्या. एका शहरात तिघे!

हत्तीची_सरळ_वाट

अवांतर: मला एक कळत नाही. वुमन ग्रँडमास्टर हा वेगळा किताब हवाच कशाला? त्याचं रेटिंग २३००, म्हणजे इंटरनॅशनल मास्टरच्या २४००पेक्षाही कमी. बुद्धिबळात ताकदीचा प्रश्न नाही, मग मुलींना खालची पायरी का बांधून द्यायची? ज्युडिट पोल्गारचंही असंच मत आहे.

रोज_एक_डाव

हत्तीची_सरळ_वाट, मला तुमचं पटत नाही. माझी मुलगी अकरा वर्षांची आहे, स्पर्धा खेळते. एका हॉलमध्ये ८० मुलगे आणि ७ मुली असं चित्र असतं. तेराव्या-चौदाव्या वर्षी त्या सातातल्या चार सोडून जातात. मधे एखादा किताब दिसत असेल, त्यामुळे स्पर्धांची निमंत्रणं येत असतील, राहण्या-जेवणाची सोय होत असेल, तर एखादी मुलगी आणखी दोन वर्षं टिकते. दिव्या, वैशाली, हंपी, हरिका सगळ्यांनी वाटेत वुमन ग्रँडमास्टर किताब घेतला आणि पुढे गेल्याच. पायरी खाली आहे म्हणून कोणी तिथे बसून राहिलं नाही.

हत्तीची_सरळ_वाट

बसून राहिल्या अशाही आहेत ना? आपल्याकडे वुमन ग्रँडमास्टर वीसपेक्षा जास्त आणि पूर्ण ग्रँडमास्टर चार. मधे कुठेतरी ध्येयच छोटं ठेवलं जातंय.

मुग्धा_न

दोघांचंही थोडं थोडं पटतं. पण ध्येय छोटं कोण ठेवतं? पुण्याची सौम्या स्वामिनाथन २००९ मध्ये मुलींची जागतिक कनिष्ठ विजेती झाली. ईशा करवडे इंटरनॅशनल मास्टर, गोव्याची भक्ती कुलकर्णीही. या मुलींच्या जिद्दीत काही कमी नव्हतं. तिशीच्या आसपास नोकरी, लग्न, प्रायोजक नसणं, हे सगळं एकदम येतं आणि २४०० ते २५०० हा टप्पा तर पूर्णवेळ खेळणाऱ्यालाही वर्षं खातो. शिवाय लोक बघतात काय? दिव्यानेच २०२४ मध्ये नेदरलँड्समधल्या स्पर्धेनंतर लिहिलं होतं की प्रेक्षक तिच्या चालींपेक्षा कपडे, केस आणि बोलण्यावरच चर्चा करतात. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. मला तर हे लिहायचं धाडस किताबाएवढंच मोठं वाटतं.

तिरकी_चाल

मुग्धा, शेवटच्या वाक्याशी शंभर टक्के सहमत.

बरुआ-ठिपसेंच्या तारखांनी माझं मत थोडं हललंय. पण एक नवा प्रश्न. फिडेने २०२४ मध्ये मीर सुलतान खान यांना मरणोत्तर सन्माननीय ग्रँडमास्टर केलं. पंजाबातला हा माणूस सर उमर हयात खान यांच्याबरोबर इंग्लंडला गेला, १९२९, १९३२ आणि १९३३ मध्ये ब्रिटिश विजेता झाला, हेस्टिंग्जला माजी विश्वविजेत्या कापाब्लांकाला हरवून आला आणि मग गावी परत जाऊन शेती करत राहिला. १९६६ मध्ये वारला तेव्हा कुठलाही किताब नव्हता. मग रोहिणी खाडिलकरांसाठी अशी मागणी कोणी करावी का?

गिरगावातला_जुना

मनातलं विचारलंत. मी खूप विचार केला आणि माझं उत्तर नाही असं आहे.

सुलतान खान त्या काळच्या जगातल्या सर्वोत्तम दहांत धरला जायचा, पटावरच्या डावांनी ते सिद्ध केलं होतं. रोहिणीची मोठी कामगिरी वेगळी आहे. तिला ग्रँडमास्टर म्हटल्याने ती मोठी होणार नाही आणि न म्हटल्याने छोटी होत नाही. मला हवंय ते एवढंच की महाराष्ट्रातल्या प्रत्येक बुद्धिबळ क्लासच्या भिंतीवर १९७६ सालची ती गोष्ट लावलेली असावी. दिव्याला राज्य सरकारने तीन कोटी रुपये दिले, फार योग्य केलं. त्याच कार्यक्रमांत जुन्या पाच-सहा जणींना पुढच्या रांगेत बसवून त्यांची नावं घ्यायला तर पैसेही लागत नाहीत.

सांगलीची_हळद

काका, वाकून नमस्कार.

काळं_प्यादं

मला मूळ प्रश्नाचं उत्तर बरंचसं मिळालं. एक धागा मात्र राहिला, तो जोडतो.

बुडापेस्टला २०२४ मध्ये भारतीय महिला संघाने ऑलिम्पियाडचं सुवर्ण जिंकलं तेव्हा कर्णधार होता अभिजित कुंटे. अनुपमाताईंचे पती रघुनंदन गोखले द्रोणाचार्य पुरस्काराचे मानकरी, त्यांच्या हाताखालून किती मुलं गेली. म्हणजे ज्यांनी संधी नसताना खेळून दाखवलं तीच माणसं पुढच्या पिढीच्या मागे उभी राहिली. २०२५ च्या एप्रिलमध्ये महिलांच्या ग्रांप्री या स्पर्धामालिकेचा एक टप्पा पुण्यात झाला, हंपी पहिली आली आणि दिव्या तिसरी. तीन महिन्यांनी बातुमीत अंतिम फेरीत त्याच दोघी. घराजवळ जागतिक दर्जाची स्पर्धा झाली की काय होतं, यासाठी कोइमतूर १९८८ आणि पुणे २०२५ ही दोन उदाहरणं मला पुरेशी आहेत. राज्य संघटना आणि सरकार यांनी तीन कोटींच्या बक्षिसाइतकेच पैसे दरवर्षी दोन चांगल्या नॉर्म स्पर्धांवर घालावेत असं माझं ठाम मत आहे.

तिरकी_चाल

याला माझं अनुमोदन. पूर्ण.

रोज_एक_डाव

एवढे जाणकार आहेत तर माझाही प्रश्न विचारून घेते. मुलीचं रेटिंग १६००च्या आसपास आहे. तिच्या क्लासमधले काही पालक पुढच्या सुट्टीत सर्बियाला जायचं म्हणतायत. खर्च लाखांत जातोय. जावं का?

पंचांची_खुर्ची

बरेच दिवस नुसता वाचत होतो. मी स्पर्धांमध्ये पंच म्हणून काम करतो, म्हणून या प्रश्नाला उत्तर देतो.

ताई, आत्ता जाऊ नका. १ मार्च २०२४ पासून फिडेने २०००च्या खालची रेटिंग वर सरकवली आहेत. आजचे १६०० म्हणजे त्याआधीचे साधारण १३३०. याचा अर्थ मुलगी कमी आहे असा नाही, अकराव्या वर्षी हे छानच आहे. पण या टप्प्यावर तिला लागतात ते भरपूर डाव आणि प्रत्येक डावानंतरचा अभ्यास. तेवढे प्रतिस्पर्धी महाराष्ट्रात आणि गोव्यात मिळतात. पुणे, मुंबई, नागपूर, सांगली इथल्या रेटिंग स्पर्धांत १८०० ते २२००चे खेळाडू समोर येतात. तिला तिच्याहून वरच्या गटात खेळवा, हरू द्या. डाव लिहिलेला कागद जपून आणायला सांगा आणि संगणकाला विचारण्याआधी तिचं तिला शोधू द्या की कुठे चुकलं.

युरोपचा खर्च २२००-२३०० च्या पुढे करा, जेव्हा नॉर्म खरोखर आवाक्यात असेल. तेव्हा प्रवेश घेण्याआधी आयोजकांकडून प्रतिस्पर्ध्यांची यादी मागा: किती ग्रँडमास्टर, कुठल्या देशांचे, सरासरी रेटिंग किती. आठ फेऱ्यांनंतर कळतं की अट पूर्णच होत नव्हती, असे पालक मी पाहिले आहेत.

आणि नॉर्म झाला की मुख्य पंचांच्या सहीचं प्रमाणपत्र स्पर्धेचं ठिकाण सोडण्याआधी हातात घ्या. नंतर ईमेलवर मागत बसू नका.

रोज_एक_डाव

दादा, खूप आभार. सर्बिया रद्द. मे महिन्यात सांगलीला स्पर्धा असेल तर तिकडेच नेते. सांगलीची_हळद, राहण्याची सोय कुठे होईल ते कळवाल का?

सांगलीची_हळद

सोय कसली विचारताय ताई, घर आहे की! व्यक्तिगत निरोप केलाय, बघा.